‘ऑक्टोबर’ मूकपट : काव्य कीं पुरावा ?

आयझेन्स्टाइन व अलेक्सांद्रोव यांचा ‘ऑक्टोबर’ हा मूकपट १९१७ च्या रशियन क्रांतीच्या दशवार्षिक उत्सवानिमित्त शासनाज्ञेनें तयार होऊन १९२८ सालीं प्रदर्शित झाला. १९२७ त ट्रॉट्स्की पक्षांतून बहिष्कृत झाला, तेव्हां त्याचीं दृश्येंही गाळलीं गेलीं. बखरींचें वाचन असणारांस हें नवें नाहीं. तथापि ख्रिस्तमूर्तीपासून आदिम मूर्तींपर्यंतची त्यांतील चित्रमालिका निव्वळ आज्ञापालन नव्हे. दोन चित्रांच्या संयोगानें तिसरा अर्थ व्यंजित करणें ध्वनिकारांसही मानवलें असतें. पक्षीय टीकाकारांनीं मात्र तीच दुर्बोध ठरविली.

आमची हरकत निराळी. हिवाळी प्रासादावरील भव्य हल्ला हें दिग्दर्शकाचें काव्य. प्रत्यक्ष प्रवेश पुष्कळच साधा होता. तरी ह्या पटांतील चित्रें पुढें ग्रंथांतून १९१७ चीं छायाचित्रें म्हणून छापलीं गेलीं. त्यांखालीं चित्रीकरणाचें साल छापलेंच पाहिजे.