तंटा मिटल्यावर कशासाठी जगायचं?

गेल्या महिन्यात नातेपुत्याला आमच्या वस्तीवर कवितावाचन झालं. विहारात सतरंजी, वीसेक पोरं, एक ट्यूबलाइट. एका पोरानं सहा कविता वाचल्या. पोरगं शिकलेलं, नोकरीला लागलेलं, दोन खोल्यांवर स्लॅब टाकलेलं. कवितेत शिवी नाही, गावकूस नाही, मशाल नाही. सूर एकच. आई-बापाची हौस फिटली, पोट भरलं, आता मी सकाळी उठतो कशापायी?

मी त्याला तिथल्या तिथं झोडपला. म्हणालो, हे पांढरपेशांचं दुखणं, कामूचं उष्टं, बाबासाहेबांच्या लेकराला शोभत नाही. टाळ्या पडल्या. पोरगं वही मिटून बसलं आणि चहालाही थांबलं नाही.

मित्रहो, त्या टाळ्या मी परत करतोय. म्हणून हे लिहिणं.

'माणसाच्या जन्माचा हेतू' असलं काही ऐकलं की आपल्या अंगावर काटा येतो, त्याला कारण आहे. आमच्या गावी ज्ञानेश्वरांच्या पालखीचा मुक्काम असतो. त्या रात्री कीर्तनात ऐकावं : चौऱ्यांशी लक्ष योनी हिंडून नरदेह मिळाला, तो मोक्षासाठी. आता हाच हिशेब चोखोबाला लावून बघा. एका अभंगात तो सांगतो की पूर्वी कृष्णाची निंदा घडली म्हणून महाराचा जन्म आला. म्हंजे दुसऱ्याला नरजन्म बक्षीस आणि आम्हाला सजा! चोखोबाला मी हिणवत नाही. बाबासाहेबांनी १९४८ साली अस्पृश्यांच्या मुळाचा शोध घेणारा ग्रंथ नंदनार, रविदास आणि चोखामेळा यांच्या स्मृतीला अर्पण केला, हे मला ठाऊक आहे. पण त्याच घरात त्याचा लेक कर्ममेळा देवाला खडसावतो, की असला जन्म दिलासच का? बापाला उत्तर मिळालं होतं. लेकाला ते पटलं नाही. मला लेक जवळचा.

पुढं सरकारनं आमच्या जगण्याचा हेतू कायद्यात घातला. १८७४ चा वतन कायदा. पोर पाळण्यात असतानाच त्याचं काम ठरलेलं : सांगावा पोचवायचा, अंमलदाराच्या मागं पळायचं, राखण करायची. बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबईच्या कायदेमंडळात त्यावर बिल आणलं. कनिष्ठ वतनं कायद्यानं जायला १९५८ उजाडलं. शंकरराव खरातांचं 'तराळ-अंतराळ' (१९८१) वाचा. खरात आटपाडीचे, म्हणजे आपल्याच दुष्काळी माणदेशातले. विहिरीत प्रेत आहे, ते काढायला तराळकी करणारा बाप आत उतरतोय. त्या पानांवर मला एकच प्रश्न ऐकू येतो : माझाच बाप का? जीवनाचा अर्थबिर्थ विचारायला तिथं सवड कुणाला?

म्हणून आपल्या साहित्यानं हा प्रश्न दारातच अडवला. त्या वेळी ते बरोबरच होतं. पण आता दारात उभा राहिलेला आपल्याच घरातला निघाला, त्याचं काय करायचं?

रात्री 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' काढलं. हा ग्रंथ बाबासाहेब गेल्यावर, १९५७ साली प्रसिद्ध झाला. पोथ्या सांगतात, सिद्धार्थानं म्हातारा, रोगी, प्रेत पाहिलं आणि घर सोडलं. बाबासाहेबांना हे पटत नाही. एकोणतीस वर्षांच्या माणसानं तोवर म्हातारा पाहिलाच नव्हता? ते रोहिणी नदीचा तंटा पुढं आणतात. शाक्य आणि कोलीय, दोघांची शेतं एकाच पाण्यावर. शाक्यांचा संघ युद्धाचा ठराव बहुमतानं पास करतो, सिद्धार्थ विरोधात उभा राहतो आणि त्यापायी परिव्रज्या पत्करतो. १९२७ साली चवदार तळ्यावर उभा राहिलेला माणूस ही गोष्ट पाण्यापासून वाचणार, यात नवल नाही. आपल्या तालुक्यातून नीरेचा उजवा कालवा जातो. पाण्याच्या पाळीवरनं सख्खे भाऊ कसे उठतात हे तुम्हाला काय सांगायचं!

इथवर आपण सगळेच भाषणात सांगतो. पुढची पानं वगळतो. मीही वगळत आलो.

सिद्धार्थ राजगृहाला आहे. पाच परिव्राजक येतात आणि सांगतात की शाक्य-कोलीयांचा समेट झाला, युद्ध टळलं. बघा हं. ज्या कारणासाठी घर सोडलं ते कारणच संपलं. तिकडं बाप आहे, यशोधरा आहे, राहुल आहे. मग भिक्षापात्र घेऊन हिंडायचं कशासाठी? या बातमीनं तो अस्वस्थ होतो. एकटा बसून विचार करतो. आणि त्याच्या ध्यानात येतं की मिटला तो एक तंटा. राजाराजांत, घराघरांत, माय-लेकरांतसुद्धा झगडा चालूच आहे. वर्गावर्गातला झगडा तर संपतच नाही, आणि दुःखाचं मूळ तिथं आहे. तो घरी जात नाही.

आता आमच्या पोराची वही आठवा. नोकरी लागली, स्लॅब पडला. त्याच्यापुरता रोहिणीचा तंटा मिटला आणि पोरगं अस्वस्थ झालं. याला मी कामूचं उष्टं म्हणालो! अरे, हा तर राजगृहाचा प्रसंग. खुद्द बाबासाहेब प्रस्तावनेत चार आर्यसत्यांना हटकतात. जगणं दुःख, मरणं दुःख, परत जन्मणं दुःख, तर माणसाला उरलं काय? हे मूळ बुद्धाचं की मागाहून भिक्खूंनी घातलेलं, असं ते विचारतात. निराशेला त्यांनी हाकलून दिलं नाही, तिचा पुरावा मागितला. आपण पुरावाही मागत नाही.

याचा अर्थ कविता चांगल्या होत्या असा नाही. पाच कच्च्या आहेत. त्यातला 'मी' खोलीतनं बाहेर पडत नाही. सिद्धार्थही एकटा बसला, पण त्याच्या विचारात सगळं जग आलं. इथं शेजारचं घरसुद्धा येत नाही. चौथीत मात्र एक जागा आहे. पगाराच्या दिवशी चुलतभाऊ दारात येतो, ऊसतोडीला निघालेला. कवी त्याला पैसे देतो आणि दार लावतो. कविता तिथंच संपवलीय. ती तिथनं पुढं लिहायला हवी होती.

परवा वही मागायला त्याच्या घरी गेलो. म्हणाला, "तात्या, तुम्ही टाळ्या नेल्या, आता वही कशाला?" त्याच्या आईनं चहा टाकला. मी बसून राहिलो. वही काही त्यानं दिली नाही. उचललेला चुलतभाऊ कुठल्या कारखान्यावर गेलाय, एवढं मात्र तो सांगत बसला, बराच वेळ.