काळ्या पडद्यापलीकडचे रवीश
१९ फेब्रुवारी २०१६ला रवीश कुमारांनी एनडीटीव्हीवर पडदा काळा ठेवला आणि अँकरांचा आरडाओरडा नुसता ऐकवला. तो एपिसोड सगळ्यांना आठवतो. मला त्यांची २०१८ची नोकरी मालिका जास्त मोलाची वाटते. परीक्षा झाली तर निकाल नाही, निकाल लागला तर नेमणूक नाही. ही रखडपट्टी ते परीक्षेचं नाव घेऊन पुन्हा पुन्हा सांगत राहिले.

२०१९ला मॅगसेसे मिळालं, २०२२ला त्यांनी एनडीटीव्ही सोडलं. यूट्यूबवर उपरोधाची धार तीच आहे, पण समोर बहुधा आधीच पटलेला प्रेक्षक असतो. नोकरी मालिकेचा प्रेक्षक कुठल्याही पक्षाचा असू शकत होता, तो फक्त निकालाची वाट बघत होता. रवीश सगळ्यात मोठे वाटतात ते तिथेच.