पाटील, स्मिता
(१७ ऑक्टोबर १९५५–१३ डिसेंबर १९८६). मराठी व हिंदी चित्रपटांतील एक श्रेष्ठ अभिनेत्री. जन्म पुणे येथे. मूळ घराणे खानदेशातील शिरपूर येथील. वडील शिवाजीराव पाटील हे राजकीय नेते व मंत्री. आई विद्याताई समाजसेविका. मुंबई दूरदर्शन केंद्र १९७२ मध्ये सुरू झाले. तेथे मराठी वृत्तनिवेदिका म्हणून काम करीत असताना श्याम बेनेगल यांनी त्यांची ‘चरणदास चोर’ (१९७५) या चित्रपटासाठी निवड केली. त्यानंतरच्या ‘निशांत’ (१९७५) व ‘मंथन’ (१९७६) या चित्रपटांनी त्यांचे नाव सर्वतोमुखी झाले.

रंगभूमीऐवजी दूरदर्शनवरून चित्रपटात आल्यामुळे त्यांच्या अभिनयात प्रारंभापासून एक प्रकारचा संयम आढळतो. खालच्या पट्टीतील आवाज, स्थिर नजर व हालचालींतील काटकसर ही त्यांची वैशिष्ट्ये होत. हंसा वाडकर यांच्या आत्मकथनावर आधारलेल्या ‘भूमिका’ (१९७७) या चित्रपटात नायिकेचे तारुण्यापासून प्रौढत्वापर्यंतचे परिवर्तन त्यांनी याच साधनांनी घडविले. या भूमिकेसाठी आणि पुढे ‘चक्र’मधील अम्मा या झोपडपट्टीवासी स्त्रीच्या भूमिकेसाठी त्यांना राष्ट्रीय पारितोषिक मिळाले.

शहरी, सुशिक्षित अभिनेत्रीने श्रमजीवी स्त्री कितपत खरी उभी करावी, हा त्यांच्या कारकीर्दीच्या मूल्यमापनातील कळीचा प्रश्न आहे. जब्बार पटेल यांचा ‘जैत रे जैत’ (१९७७) या दृष्टीने महत्त्वाचा ठरतो. गो. नी. दांडेकर यांच्या कादंबरीवरील या चित्रपटात कर्नाळा परिसरातील ठाकर जमातीचे जीवन आले आहे. हीच जमात ठाणे जिल्ह्यातील शहापूर व मुरबाड या तालुक्यांच्या डोंगरपट्ट्यातही राहते. मोलमजुरी, वरकस जमिनीवरील नाचणी-वरईची शेती आणि जंगलातील लाकूडफाटा यांवर तिचा निर्वाह दीर्घकाळ चालत आला. चित्रपटात या कष्टांपेक्षा गीत-नृत्याला अधिक अवकाश मिळाला असून, त्यामुळे वास्तवाची धार काहीशी बोथट झाली आहे. मात्र स्मिता पाटील यांची चिंधी या काव्यमय चौकटीत अडकून पडत नाही. नकोसा नवरा सोडून नाग्याची निवड करणारी, त्याच्या मधमाश्यांवरील मोहिमेत बरोबरीने उतरणारी ही स्त्री स्वतःच्या इच्छेने जगते. तिची चाल व बेदरकार हसू यांतून हे स्वातंत्र्य प्रकट होते.

याउलट गोविंद निहलानी यांच्या ‘आक्रोश’मध्ये (१९८०) नागी ही आदिवासी स्त्री प्रामुख्याने अत्याचाराची बळी म्हणून येते, तिला स्वतःचे म्हणणे जवळजवळ नाहीच. ही मर्यादा अभिनेत्रीची नसून पटकथेची आहे. सत्यजित राय यांनी दूरदर्शनसाठी केलेल्या ‘सद्गती’मध्ये (१९८१) भूमिका लहान असूनही झुरियाचा शोक त्यांनी अतिरेक न करता व्यक्त केला आहे.

शांता निसळ यांच्या ‘बेघर’ या कादंबरीवर आधारलेला ‘उंबरठा’ (१९८२) हा त्यांचा सर्वांत महत्त्वाचा मराठी चित्रपट. महिलाश्रमाची अधीक्षिका सुलभा महाजन ही त्यांच्या स्वतःच्या वर्गातील स्त्री होती. तिच्या चित्रणात त्यांनी सहानुभूतीची मागणी केली नाही. तिचा आग्रहीपणा व एकाकीपणा दोन्ही तितक्याच स्पष्टपणे दाखविले. याच काळात ‘नमक हलाल’ व ‘शक्ती’ (१९८२) यांसारख्या व्यावसायिक चित्रपटांतही त्यांनी कामे केली. परंतु तेथे त्यांच्या गुणांना फारसा वाव मिळाला नाही.

१९८५ मध्ये त्यांना ‘पद्मश्री’ देण्यात आली. प्रसूतीनंतरच्या आजारात मुंबई येथे त्यांचे निधन झाले. मृत्यूनंतर प्रदर्शित झालेल्या केतन मेहता यांच्या ‘मिर्च मसाला’मधील (१९८७) सोनबाई हीही सत्तेला नकार देणारी श्रमिक स्त्रीच होय. जेमतेम बारा वर्षांच्या कारकीर्दीत त्यांनी कष्टकरी स्त्रीला भारतीय चित्रपटात दयेचा विषय न ठेवता निर्णय घेणारी व्यक्ती म्हणून उभे केले, हे त्यांचे प्रमुख कार्य होय. ज्या समाजांचे जीवन त्यांनी साकारले, त्यांतील स्त्रियांना मात्र पडद्यावर स्वतःची कथा सांगण्याची संधी त्या काळी क्वचितच मिळाली.