माहितीपटाचे संगीत आणि गाडगेबाबांचा प्रश्न

गाडगेबाबांचे जन्मगाव शेंडगाव हे अमरावती जिल्ह्यातील अंजनगाव सुर्जी तालुक्यातले. डेबूजी झिंगराजी जानोरकर तेथे २३ फेब्रुवारी १८७६ रोजी जन्मले. त्यांच्यावर माहितीपट करावयाचा झाला, तर संगीतकारापुढे पहिलाच पेच उभा राहतो: ज्याच्या बोलण्यातच लय आहे, त्याला आणखी संगीत द्यायचे ते कशासाठी?

हा पेच काल्पनिक नाही. ८ नोव्हेंबर १९५६ रोजी मुंबईत वांद्र्याच्या पोलीस ठाण्यात झालेले बाबांचे कीर्तन ध्वनिमुद्रित आहे. पुढच्याच महिन्यात, २० डिसेंबरला, ते निवर्तले. त्यांच्या कीर्तनाची रीत प्रश्नोत्तराची. वऱ्हाडी बोलीत ते प्रश्न टाकीत, समुदाय उत्तर देई आणि त्या उत्तराच्याच पोटातून पुढचा प्रश्न निघे.

आता माहितीपटांची रूढ चाल पाहा. संताचे नाव निघाले की बासरी, दारिद्र्य दिसले की सारंगी. प्रेक्षकाला काय वाटावे, हे त्याने ऐकण्याआधीच ठरून जाते. कर्ज काढून केलेले सण, देवापुढे दिलेला पशूचा बळी यांवरचे बाबांचे प्रश्न बोचरे होते. त्यांच्याखाली मंद बासरी सोडली की ती बोच नाहीशी होते आणि उरते केवळ पूज्यता. मूर्तिपूजेवर ज्याने आयुष्यभर प्रहार केले, त्याचीच अशाने सुरांची मूर्ती घडते. हा दोष केवळ अभिरुचीचा नव्हे, सत्याचा आहे.

म्हणून संगीत वर्ज्य करावे काय? तसे मुळीच नाही. मकबूल फिदा हुसेन यांच्या ‘थ्रू द आइज ऑफ अ पेंटर’ या १९६७ सालच्या फिल्म्स डिव्हिजनच्या लघुपटात निवेदन नाही. तेथे विजय राघव राव यांचे संगीत शब्दांची जागा घेते, कारण ती जागा मोकळी आहे. १९८८ साली दूरदर्शनवर आलेल्या श्याम बेनेगल यांच्या ५३ भागांच्या ‘भारत एक खोज’मध्ये वनराज भाटिया यांनी ऋग्वेदातील नासदीय सूक्ताला स्वर दिले. सृष्टीच्या उगमाविषयीचे ते सूक्त संशयावरच संपते. भाटियांचा समूहस्वर त्या संशयाला भव्यता देतो, परंतु त्याचे समाधान करीत नाही. मोठेपण आहे ते यात.

कसोटी हीच मानावी: संगीताने प्रश्न राखला, की मिटविला? शेंडगावच्या वाटेवर, खराट्याच्या खरखरीत, माणसे जमू लागतात त्या गजबजीत सूर खुशाल यावेत. मात्र बाबांनी प्रश्न टाकला की वाद्ये थांबावीत. प्रश्न आणि उत्तर यांमधली ती क्षणभराची शांतता समुदायाची आहे. संगीतकाराने ती आपल्या सुरांनी भरू नये.