दारूबंदीच्या मुलखातला तळीराम

धान कापून मोकळ्या झालेल्या बांधीत मंडप पडला आहे. खाली तणस अंथरलेलं, वरून थंडी उतरते आहे, माणसं शाली-घोंगड्यांत गुरफटून बसली आहेत. अशा मंडपात ‘एकच प्याला’ लागला की लोक नायक सुधाकराच्या आधी दारुड्या तळीरामाची वाट बघतात. तो झोकांड्या देत आला की हशा उसळतो. गडचिरोली जिल्ह्यात १९९३ पासून दारूबंदी आहे. शेजारच्या चंद्रपुरातही २०१५ ते २०२१ अशी सहा वर्षं ती होती. बंदी आली म्हणून दारू गेली असं होत नाही, हे मंडपातल्या बायांइतकं कोण जाणणार? पुण्या-मुंबईच्या प्रेक्षकाला तळीराम हे गडकऱ्यांचं पात्र वाटतं. इथे तो दोन घरं सोडून राहणारा माणूस असतो. त्यामुळे नटाला नुसतं हसवून भागत नाही.

झाडीपट्टीत, म्हणजे पूर्व विदर्भातल्या या धानाच्या पट्ट्यात, तळीराम म्हटलं की परशुराम खुणे यांचं नाव निघतं. कुरखेडा तालुक्यातल्या गुरनोलीचा हा शेतकरी नट. ‘झाडीपट्टीचा दादा कोंडके’ ही त्यांची इथली ओळख. ‘लग्नाची बेडी’तला त्यांचा अवधूतही गाजला. २०२३ साली त्यांना पद्मश्री मिळाली, तेव्हा ८०० नाटकं आणि ५००० प्रयोग हा हिशेब देशासमोर आला. वर्षाला १०० रात्री धरल्या तरी एवढ्या प्रयोगांना ५० वर्षं लागतात. आणि या ५० वर्षांत त्यांच्या वाट्याला मुख्यतः नायकाशेजारची जागा आली. विनोदी नट, चरित्र नट, कधी गावगुंड, कधी भाबडा गडी. आपल्याकडे समीक्षेचा प्रकाश नेहमी नायकावर पडतो. पण झाडीपट्टीची रंगभूमी जिथे खरी उभी आहे, ती जागा या दुय्यम भूमिकांची आहे.

कारण साधं आहे. इथलं नाटक रात्री उशिरा सुरू होतं आणि पहाटेपर्यंत चालतं. नायक-नायिकेची ताटातूट, खलनायकाचं कारस्थान, मध्ये लावणी, पुन्हा रडारड. एवढा पल्ला केवळ कथानकाच्या जोरावर ओढता येत नाही. रात्री दोन वाजता पोरं पेंगायला लागतात, चहाच्या टपरीकडे गर्दी वळते, तेव्हा मंडप पुन्हा ताब्यात घेण्याचं काम विनोदी नटाकडे येतं. प्रॉम्प्टर मागून वाक्यं पुरवत असतो, पण त्या वेळेला वही उपयोगाची नसते. गावातलं ताजं भांडण, शंकरपटाच्या शर्यतीत हरलेली बैलजोडी, बिघडलेला माइक, यांतलं काहीही उचलून नट वाक्य रचतो. ही हातोटी कुठल्या नाट्यशाळेत मिळत नाही. दंडार आणि खडी गंमत या इथल्या जुन्या लोकनाट्यांतून ती उतरली आहे.

या धंद्याचं गणितही समजून घ्यायला हवं. नाटकाचा हंगाम दिवाळीनंतर भरणाऱ्या मंडईच्या जत्रेपासून होळीपर्यंत. धान विकून हातात पैसा आलेला असतो, पाहुणे घरी उतरलेले असतात, दिवसा शंकरपट आणि रात्री नाटक. वैनगंगेकाठचं वडसा, म्हणजे देसाईगंज, ही या व्यवसायाची पेठ. नाट्यमंडळांची कार्यालयं तिथे, बुकिंग तिथेच. गावातलं मंडळ नाटक ठरवतं, तिकीट लावतं, नफा झाला तर गावाच्या कामाला लावतं. शंकरपटावर २०१४ मध्ये न्यायालयाची बंदी आली, ती २०२१च्या डिसेंबरात उठली. मधल्या काळात दिवसाची जत्रा गेली, रात्रीचं नाटक मात्र टिकलं. करोनानं तेही थांबवलं, तेव्हा प्रयोगाच्या नाइटवर जगणाऱ्या नटांना बांधीवर परतावं लागलं. पावसाळ्यात तर बहुतेक जण तिथेच असतात. इथला चरित्र नट चार महिने नट आणि आठ महिने शेतकरी, मजूर किंवा मास्तर असतो.

या दुय्यम भूमिकांचं दुसरं घर म्हणजे टीव्ही, आता तिकडे वळू. चरित्र नटाला टीव्हीनं काय दिलं, याचं आपल्याकडचं जुनं उदाहरण म्हणजे बाळ कर्वे यांचा गुंड्याभाऊ. मुंबई दूरदर्शनवर चिमणरावाच्या भूमिकेत दिलीप प्रभावळकर होते आणि शेजारी हा गुंड्याभाऊ. ती एक भूमिका माणसाला जन्मभर पुरली, लोक त्याच नावानं ओळखू लागले. खुणे यांची वाट नेमकी उलटी आहे. त्यांनी शेकड्यांनी भूमिका केल्या आणि वैनगंगेच्या खोऱ्याबाहेर त्यांतली एकही पोहोचली नाही. पद्मश्री जाहीर झाली तेव्हा उरलेल्या महाराष्ट्रानं हे नाव पहिल्यांदा ऐकलं. झाडीत नट आधी नावानं माहीत होतो, मग भूमिकेनं. टीव्हीवर चेहरा घरोघरी पोहोचतो, आणि नाव मात्र कित्येकदा शेवटपर्यंत कोणाला सांगता येत नाही.

मग इथले नट टीव्हीवर का गेले नाहीत? अंतर आहेच, मुंबई हजारेक किलोमीटरवर. पण खरी अडचण हंगामाची आहे. मालिकेला रोजची हजेरी लागते, आणि तिच्यासाठी दिवाळी ते होळी हा काळ सोडायचा म्हणजे वर्षाची कमाई सोडायची. दुसरी अडचण कलेची. तणसावर शेवटच्या रांगेत बसलेल्या म्हाताऱ्यापर्यंत पोहोचायला घडलेला आवाज आणि रुंद हातवारे दोन हातांवरच्या कॅमेऱ्याला भडक वाटतात. हा दोष दूर होऊ शकतो, पण त्यासाठी कोणाला तरी वेळ द्यावा लागतो. आजवर वाहतूक उलट दिशेनं झाली. टीव्हीवरचे ओळखीचे चेहरे हंगामात इथे येतात, पोस्टरवर ‘सिने-टीव्ही कलाकार’ अशा मोठ्या अक्षरांत झळकतात, आणि ज्याच्या जिवावर प्रयोग पहाटेपर्यंत तग धरतो त्याचं नाव खाली बारीक टाइपात जातं. प्रेक्षक तिकीट काढतात चेहऱ्यासाठी, थांबतात मात्र गड्याच्या विनोदासाठी. मंडळांना हे कळतं, तरी पोस्टर बदलत नाही.

भाषेचा मुद्दा याहून खोल आहे. ‘चला हवा येऊ द्या’मधून भारत गणेशपुरे यांनी वऱ्हाडी बोली घरोघरी नेली. त्यांचं कोरडं टायमिंग अस्सल आहे, त्यात वादच नाही. पण त्यानंतर टीव्हीनं जो धडा घेतला तो सोपा होता: विदर्भाचा माणूस आला की हसायचं. अमरावतीची बोली आणि ब्रह्मपुरी-सिंदेवाहीकडची झाडीबोली यांतला फरकही त्या हशात बुडाला. झाडीबोलीत ण आणि ळ नाहीत. इथे पाण्याचं ‘पानी’ होतं आणि डोळ्याचा ‘डोरा’. हरिश्चंद्र बोरकरांनी या बोलीचा आणि दंडारीचा अभ्यास मांडला, तिच्यासाठी साहित्य मंडळ उभं केलं.

पण टीव्हीला बोल लावण्याआधी आपला मंडप तपासावा. झाडीपट्टीच्या नाटकांत नायक, नायिका, न्यायाधीश, इन्स्पेक्टर हे बहुधा प्रमाण मराठीत बोलतात. बोली येते ती गड्याच्या, वेड्याच्या, दारुड्याच्या तोंडी. म्हणजे आपली भाषा हसण्याची, आणि रडण्याची भाषा पुण्याची, ही वाटणी टीव्हीनं केलेली नाही. ती इथेच, वडशाच्या पेठेत झाली. टीव्हीनं ती छोट्या पडद्यावर मांडली एवढंच. नवरगावच्या सदानंद बोरकरांसारख्या लेखक-दिग्दर्शकांनी शेतकरी आणि स्त्रीच्या दुःखाची नाटकं इथे चालवून दाखवली, त्यामुळे गंभीर विषय झाडीत चालत नाही असं कोणी म्हणू नये. तृषांत इंगळे यांच्या ‘झॉलीवूड’ (२०२२) या चित्रपटानं याच रंगभूमीची गोष्ट सांगितली. विषय आणि माणसं आहेत. आता गंभीर प्रसंगात बोली यायला हवी.

मंडळांकडून आणि लेखकांकडून त्यासाठी फार मोठं काही मागायचं नाही. तालमी वाढवा, कारण एक-दोन तालमींवर उभं राहिलेलं नाटक नटाला जुन्याच खुब्यांकडे ढकलतं. विनोदी नटाला एकदा तरी बापाची भूमिका द्या, आणि तो बाप आपल्या बोलीत बोलू द्या. जुन्या नटांचे प्रयोग चांगल्या कॅमेऱ्यानं टिपून ठेवा. मोबाइलवरच्या तुकड्यांत हशा उरतो, पण त्या हशामागची कमावलेली शांतता हरवते.

हशामागची ही शांतता गडकऱ्यांनी फार आधी ओळखली होती. १९१९ च्या जानेवारीत सावनेरला, याच विदर्भात, त्यांनी देह ठेवला, आणि ‘एकच प्याला’ रंगमंचावर आला तो त्यानंतर. त्यात तळीरामाच्या आजारपणातही डॉक्टर आणि वैद्य भांडत राहतात, लोक हसत राहतात, आणि तो मरतो. विनोदी पात्राला मरणापर्यंत नेण्याची ही हिंमत झाडीच्या नटात आहे. दारूबंदीच्या मुलखात, तणसावर, पहाटे तीनला हशा मध्येच थांबतो आणि पुढच्या रांगेतली बाई पदर तोंडाशी नेते, तेव्हा डोऱ्यात पानी येतं. त्या पान्याला साजेसं वाक्य लिहिणं आता लेखकाकडे आहे.