सोझिनचा धूमकेतू : आवर्तन, सत्ता आणि उत्तरदायित्व

प्रास्ताविक

आकाशातील घटनांचा मानवी सुखदुःखाशी संबंध जोडण्याची प्रवृत्ती जवळजवळ सर्वच संस्कृतींत आढळते. अद्भुतरम्य कथाविश्वे निर्माण करणाऱ्या लेखकांनी या प्रवृत्तीचा मुबलक उपयोग करून घेतला आहे. बहुतेक वेळा असा ग्रह, ग्रहण किंवा धूमकेतू कथानकाला गती देण्याचे साधन म्हणूनच येतो. या सर्वसाधारण चित्राला लक्षणीय अपवाद म्हणून ‘अवतार : द लास्ट एअरबेंडर’ या अमेरिकन ॲनिमेशन मालिकेतील ‘सोझिनच्या धूमकेतू’चा निर्देश करता येईल. मायकल डांटे डिमार्टिनो व ब्रायन कोनिएत्झ्को यांनी निर्माण केलेली ही 61 भागांची मालिका निकलोडियन वाहिनीवर 2005 ते 2008 या काळात तीन पर्वांत प्रसारित झाली. मुलांसाठी निर्मिलेली कलाकृती म्हणून तिच्याकडे दुर्लक्ष होण्याचा संभव आहे. परंतु तिने उपस्थित केलेला प्रश्न प्रौढांचाच आहे. संहाराची जबाबदारी आकाशावर टाकता येते काय, हा तो प्रश्न होय. प्रस्तुत लेखात या प्रश्नाच्या अनुषंगाने सदर धूमकेतूचे कथनातील स्थान तपासावयाचे आहे.

कथाविश्व आणि धूमकेतू

या कथाविश्वात जल, पृथ्वी, अग्नी व वायू या चार तत्त्वांशी निगडित चार समाज आहेत. त्यांतील काही व्यक्तींना आपापले तत्त्व नियंत्रित करता येते. चारही तत्त्वांवर प्रभुत्व असणारी आणि जगाचा समतोल राखणारी एकच व्यक्ती असते, ती म्हणजे ‘अवतार’. दर शंभर वर्षांनी एक महान धूमकेतू पृथ्वीच्या अत्यंत जवळून जातो आणि त्या दिवशी अग्निनियंत्रकांचे सामर्थ्य कित्येक पटींनी वाढते. अग्निराष्ट्राचा अधिपती सोझिन याने अशाच एका दिवशी वायुभटक्यांचा वंशसंहार घडवून युद्धास प्रारंभ केला. पुढे त्या धूमकेतूस त्याचेच नाव मिळाले. बारा वर्षांचा आंग हा अवतार हिमनगात गोठून राहिल्यामुळे वाचला. तो शंभर वर्षांनी जागा होतो, तेव्हा धूमकेतूचे पुढील आगमन काही महिन्यांवर येऊन ठेपलेले असते. आधीचा अवतार रोकू पहिल्याच पर्वात त्याला उन्हाळ्याअखेरची मुदत सांगतो. संपूर्ण कथानक या मुदतीच्या ताणावर उभे आहे.

भारतीय वाचकास येथे एक गोष्ट सहज जाणवेल. ‘धूमकेतु’ हे वैदिक वाङ्मयात अग्नीचे विशेषण आहे. धूर हाच ज्याचा ध्वज, तो धूमकेतु. अग्नीला बळ देणाऱ्या आकाशस्थ ज्योतीस मराठीत मुळातच अग्नीचे नाव आहे. मालिकेच्या निर्मात्यांना हा शब्दसंबंध अभिप्रेत होता, असे सुचवावयाचे नाही. परंतु मराठी वाचकासाठी या प्रतिमेचा अर्थ त्यामुळे अधिक गडद होतो.

उत्पाताकडून वेळापत्रकाकडे

सहाव्या शतकात वराहमिहिराने ‘बृहत्संहिते’त केतूंचा विचार करताना त्यांचे उदयास्त गणिताने जाणता येत नाहीत, असे म्हटले आहे. धूमकेतूविषयीच्या भयाचे एक कारण या अनिश्चिततेत होते. एडमंड हॅली याने 1705 मध्ये एका धूमकेतूच्या पुनरागमनाचे भाकीत केले आणि त्याच्या मृत्यूनंतर सोळा वर्षांनी, डिसेंबर 1758 मध्ये, तो खरोखरच दिसला. तेव्हापासून धूमकेतू हा केवळ उत्पात न राहता वेळापत्रकाचा भाग झाला.

ज्ञानामुळे भय नाहीसे होते, हा आपला नेहमीचा विश्वास आहे. प्रस्तुत मालिका या विश्वासाला छेद देते. येथे धूमकेतूची तारीख ठाऊक असणे हीच संहाराची पूर्वअट ठरते. सोझिन धूमकेतूने अकस्मात उन्मत्त झालेला नाही. तिसऱ्या पर्वातील त्याच्या आत्मवृत्तावरून असे दिसते की, साम्राज्यविस्ताराची कल्पना त्याने रोकूच्या विवाहप्रसंगीच बोलून दाखविली होती. पुढे परभूमीवर वसाहतही स्थापिली होती. ज्वालामुखीच्या उद्रेकात त्याने मित्राला मरण्यासाठी सोडून दिले आणि त्यानंतर बारा वर्षांनी धूमकेतू आला. हेतू आधी होता, संधी मागाहून आली.

शंभर वर्षांनंतरची योजनाही अशीच आकार घेते. पृथ्वीराज्य जाळून टाकण्याचा निर्णय सोझिनचा नातू ओझाई युद्धमंडळाच्या बैठकीत घेतो. तेथील जनता आशेच्या बळावर तग धरून आहे, हे युवराज झूकोचे निरीक्षण. ती आशाच जाळावी, हा त्याच्या बहिणीचा, अझुलाचा सल्ला. झूकोला विरोध करावयाचा असतो, पण तो गप्प राहतो. संहाराचा उगम आकाशात नसून एका सभागृहात, आणि काही अंशी एका माणसाच्या मौनात आहे, हे या प्रसंगातून स्पष्ट होते.

ग्रहण : एक प्रतिपक्ष

धूमकेतूच्या जोडीला मालिकेत सूर्यग्रहणाची योजना आहे. ग्रहणकाळात अग्निनियंत्रकांचे सामर्थ्य पूर्णतः लोपते. आंगचा सहकारी सोक्का वाळवंटातील प्राचीन ग्रंथालयात ग्रहणाची तारीख शोधून काढतो आणि त्या आधारे आक्रमणाची योजना आखली जाते. परंतु ही वार्ता शत्रूस आधीच कळलेली असल्याने ग्रहणाची आठ मिनिटे व्यर्थ जातात. येथे लेखकांचा समतोल दिसतो. आकाशाच्या साहाय्याने विजय मिळविण्याचा मोह नायकपक्षालाही होतो आणि तोही निष्फळ ठरतो.

याहून महत्त्वाचा पुरावा अंतिम भागांत मिळतो. धूमकेतूच्याच दिवशी ओझाईचा भाऊ आयरो त्याच वाढीव सामर्थ्याने बा सिंग से हे नगर अग्निराष्ट्राच्या ताब्यातून मुक्त करतो. धूमकेतू एकच, अग्नीही एकच. एकाच्या हाती तो दाह होतो, तर दुसऱ्याच्या हाती मुक्तीचे साधन. धूमकेतू सामर्थ्य देतो, हेतू देत नाही, हे या कलाकृतीचे मध्यवर्ती प्रतिपादन म्हणता येईल.

मर्यादा

तथापि, हे प्रतिपादन मालिकेने शेवटपर्यंत निभावले आहे, असे म्हणता येत नाही. ओझाईला ठार करावे की नाही, हा आंगपुढील नैतिक पेच खरा आहे. परंतु त्याची सोडवणूक ऐनवेळी प्रकटलेल्या सिंहकूर्माकडून मिळालेल्या विद्येने होते. ज्या कृतीने निवडीची जबाबदारी माणसावर टाकली, तिने निर्णायक क्षणी नायकाला त्या निवडीतून सोडविले, हा दोष गंभीर आहे. आपल्या पुराणकथांतील वरदानांची सवय असणाऱ्या वाचकालाही येथे पूर्वतयारीचा अभाव खटकतो.

समारोप

शेवटी एक प्रश्न उरतो. धूमकेतू शंभर वर्षांनी पुन्हा येणारच आहे. याच विश्वातील ‘द लेजंड ऑफ कोरा’ या 2012 ते 2014 मधील पुढील मालिकेचे कथानक सुमारे सत्तर वर्षांनंतर घडते, म्हणजे ते पुढील आगमनाच्या अलीकडेच थांबते. त्यामुळे विजय मिळाला, तरी आवर्तन संपलेले नाही. माणसाच्या हाती आहे ते एवढेच, की त्या दिवशी अग्नी कोणत्या हातांत असेल आणि सभागृहात कोण बोलेल, हे तोपर्यंत ठरविणे. आपल्या इतिहासातील आपत्तींचे खापर काळावर व ग्रहमानावर फोडण्याची सवय आपल्यालाही अपरिचित नाही. त्या सवयीची चिकित्सा एका अद्भुतरम्य मालिकेने इतक्या स्पष्टपणे करावी, यातच तिचे वाङ्मयीन मोल आहे.