बैगा, द
मध्य प्रदेशातील मैकल पर्वतराजीत राहणाऱ्या बैगा या आदिवासी जमातीवरील व्हेरिअर एल्विन (१९०२–६४) यांचा इंग्रजी मानवशास्त्रीय ग्रंथ. तो १९३९ मध्ये लंडन येथे प्रसिद्ध झाला. ऑक्सफर्ड येथे शिकलेले एल्विन १९२७ मध्ये ख्रिस्त सेवा संघाचे सभासद म्हणून पुण्यास आले. १९३२ मध्ये शामराव हिवाळे या मराठी सहकाऱ्यासह त्यांनी तत्कालीन मंडला जिल्ह्यातील करंजिया या खेड्यात वस्ती केली. मानवशास्त्राचे रीतसर शिक्षण त्यांनी घेतलेले नव्हते. ही उणीव प्रदीर्घ सहवासाने बऱ्याच अंशी भरून काढली.

बेवर म्हणजे फिरती शेती. तिच्यासंबंधीचे विवेचन हा ग्रंथाचा गाभा होय. जंगलाचा तुकडा तोडून, जाळून त्या राखेत बी फेकावयाचे, ही रीत बैगा आपला आदिपुरुष नंगा बैगा याच्याकडून आल्याचे मानतात. नांगर चालविणे म्हणजे धरित्रीमातेचे वक्षस्थळ फाडणे. ब्रिटिश सरकारने एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात बेवरवर निर्बंध घातले आणि अखेर ती ‘बैगाचक’ या राखीव टापूपुरती मर्यादित केली. या बंदीने जमातीचे अन्नच नव्हे, तर तिची दैवतकथाही निराधार झाली, हे एल्विन यांनी प्रभावीपणे दाखविले आहे. अर्थव्यवहार आणि पुराणकथा यांची अशी सांगड त्या काळातील सरकारी जातिवर्णनांत क्वचितच आढळते. लैंगिक जीवनावरील विस्तृत प्रकरणांत मात्र लेखकाचे कुतूहल कधीकधी प्रमाणाबाहेर जाते.

ग्रंथाचा उपसंहार वादग्रस्त ठरला. बैगांसाठी ‘राष्ट्रीय उद्याना’सारखे संरक्षित क्षेत्र राखावे, अशी सूचना एल्विन यांनी त्यात केली. गो. स. घुर्ये यांनी १९४३ मध्ये या अलगतावादावर टीका केली आणि आदिवासी हे मागासलेले हिंदूच आहेत, असे मत मांडले. एल्विन यांनी पुढे ही सूचना सोडून दिली. संरक्षण आणि समावेशन या दोन्ही पक्षांत बैगांसाठी निर्णय घेणारा बाहेरचाच राहतो. सहवासातून आलेली माया येथे पालकत्वाकडे झुकली आहे. वस्तुतः एल्विन यांनीच ग्रंथात उद्धृत केलेल्या १८९२ मधील एका अर्जात एक बैगा उपासमारीची तक्रार मांडून आपल्या बेवरची मोकळीक सरकारकडे मागतो. बंदिस्त क्षेत्र तो मागत नाही. २००६ च्या वनहक्क कायद्यान्वये पुढे बैगाचकमधील काही गावांचे अधिवास-हक्क मान्य झाले.